कुठे सोमवार, कुठे मंगळवार

(रेडिओवरील भाषणाचे संपादित शब्दांकन)



आजचा विषय भूगोलाचा आहे, पण सुरुवात मी आमच्या घरातल्या एका भांडणापासून करणार आहे. आम्ही तिघं भावंडं. थोरला दादा न्यूझीलंडमध्ये ऑकलंडला, धाकटी बहीण अमेरिकेत कॅलिफोर्नियात आणि मधली मी साताऱ्यात. आई माझ्याकडे असायची. आषाढातल्या एका मंगळवारी पहाटे साडेचार वाजता ती गेली. मी आधी दादाला फोन लावला. त्याच्याकडे मंगळवारचे सकाळचे अकरा वाजले होते, तो कामावर होता. मग बहिणीला लावला. तिच्याकडे दुपारचे चार वाजले होते, आणि वार होता सोमवार.

पुढच्या वर्षी बहिणीचा फोन आला तो माझ्या आणि दादाच्या हिशेबाने एक तारीख आधी. ‘ताई, आज आईला वर्ष झालं ना गं?’ मी म्हटलं, ‘अगं, आज नाही, उद्या.’ ती गप्प झाली. मग म्हणाली, ‘मी सोमवारी रडले ते मला पक्कं आठवतंय. तू मला सोमवारी फोन केलास.’ मी म्हटलं, ‘मी मंगळवारी केला.’ दादाला विचारलं तर तो म्हणाला, ‘मंगळवारच. त्यात वाद कसला?’ झालं! दोघं एकीकडे आणि ती एकटी दुसरीकडे. ती इतकी दुखावली, की दोन आठवडे तिने फोनच केला नाही. तिचं म्हणणं एवढंच होतं, की तुम्ही दोघांनी मिळून मला सांगताय, मी चुकीच्या दिवशी आईला रडले.

मी आयुष्यभर शाळेत भूगोल शिकवला. ‘आंतरराष्ट्रीय वाररेषा’ हा धडा तर दरवर्षी शिकवला. पण ती रेघ माझ्या घरातून, माझ्या भावाबहिणीच्या मधून जाते, हे मला तेव्हा पहिल्यांदा कळलं. म्हणून आज या रेघेबद्दल बोलायचं आहे. ही रेघ जमिनीवर नाही, पाण्यावर नाही. कुठे खांब नाही, कुंपण नाही. ती सर्वस्वी काल्पनिक आहे. पण जगाचं कॅलेंडर तिनेच धरून ठेवलेलं आहे. ती काढून टाकली, तर मंगळवारचा बुधवार कुठे होतो हे कोणालाच सांगता येणार नाही.

ती कशासाठी लागते, हे मी वर्गात एका खेळाने दाखवत असे. घरात नातवंडं असतील तर तुम्हीही करून बघा. मी चोवीस मुलं गोल उभी करायची. पृथ्वी चोवीस तासांत स्वतःभोवती ३६० अंश फिरते, म्हणजे तासाला १५ अंश, म्हणून चोवीस मुलं. पहिल्या मुलाला सांगायचं, तुझ्याकडे मंगळवारचे दुपारचे बारा वाजलेत. त्याच्या पूर्वेकडच्या मुलाने एक तास वाढवून सांगायचं. तो म्हणे एक. पुढची दोन. असं करत बाराव्या-तेराव्या मुलापाशी मध्यरात्र यायची आणि तिथे वार बदलायचा. बुधवार, पहाटेचा एक, दोन, तीन... शेवटचं चोविसावं मूल म्हणायचं, बुधवार सकाळचे अकरा. त्याच्या शेजारी उभा कोण? तोच पहिला मुलगा. हिशेबाने त्याने म्हणायला हवं, बुधवार दुपारचे बारा. तो तर मघापासून मंगळवार धरून उभा!

वर्गात हमखास गोंधळ व्हायचा. ‘बाई, कोणीतरी चुकलं!’ पुन्हा मोजायचं, पुन्हा तेच. चुकलेलं कोणीच नसायचं. गोलावर वेळ मोजत निघालं, की घड्याळ जुळतं पण वार जुळत नाही. कुठेतरी दोन मुलांच्या मध्ये खडूची एक रेघ मारावीच लागते आणि सांगावं लागतं, की इथे वार एकाने बदलायचा. ती रेघ कोणत्या दोघांमध्ये मारायची हे मात्र आपल्या हातात असतं. आशियाकडून अमेरिकेकडे जाताना ती ओलांडली, तर तोच वार पुन्हा मोजायचा. अमेरिकेकडून आशियाकडे येताना ओलांडली, तर एक वार गाळायचा.

हे शहाणपण माणसाला पुस्तकातून आलेलं नाही. समुद्रावर ठेच लागून आलं. १५१९ मध्ये मॅगेलनच्या नेतृत्वाखाली पाच जहाजं स्पेनहून पश्चिमेकडे निघाली. मॅगेलन वाटेत फिलिपाइन्समध्ये मारला गेला. तीन वर्षांनी, १५२२ च्या सप्टेंबरात, ‘व्हिक्टोरिया’ नावाचं एकच जहाज एल्कानोच्या हाताखाली अठरा माणसं घेऊन परत आलं. घरी पोचण्याआधी, जुलैमध्ये, ते आफ्रिकेजवळच्या केप व्हर्द बेटांवर अन्नपाण्यासाठी थांबलं. जहाजावर पिगाफेट्टा नावाचा इटालियन गृहस्थ होता. त्याने रोजची नोंद ठेवली होती, एकही दिवस न चुकवता. त्याच्या वहीत त्या दिवशी बुधवार होता. किनाऱ्यावरचे लोक म्हणाले, आज गुरुवार. पिगाफेट्टाला आधी पटेना. आपण तर एकाही दिवसाची नोंद चुकवली नाही, मग दिवस गेला कुठे? पुढे उलगडा झाला, की सूर्याच्या मागे मागे पश्चिमेकडे जात त्यांनी पृथ्वीची पूर्ण फेरी मारली होती. रोज त्यांचा दिवस किंचित लांबत होता. ती सगळी मिनिटं साठून एक अख्खा दिवस झाला होता. त्या भाविक माणसांना दुःख झालं ते वेगळ्याच गोष्टीचं. इतके महिने आपण उपासाचे दिवस आणि सण चुकीच्या वारी पाळले, याचं.

याच्या उलट गंमत ज्यूल व्हर्नने केली. त्याच्या ‘ऐंशी दिवसांत जगाची सफर’ या कादंबरीचा नायक फिलिअस फॉग मुंबईला उतरून रेल्वेने कलकत्त्याकडे जातो, हे आपल्याकडच्या वाचकांना आठवत असेल. तो पूर्वेकडे निघालेला असतो. लंडनला पोचल्यावर त्याला वाटतं, आपण पैज हरलो. प्रत्यक्षात वाटेत त्याचा एक दिवस जास्त मोजला गेलेला असतो आणि तो पैज जिंकतो. व्हर्नने कादंबरीचा सगळा शेवट या एका रेघेवर उभा केला आहे.

आता ही रेघ पॅसिफिक महासागरातच का? कारण तिथे माणसं सर्वांत कमी. १८८४ मध्ये वॉशिंग्टनला २५ देशांची परिषद भरली आणि लंडनजवळच्या ग्रिनिचचं रेखावृत्त शून्य मानायचं ठरलं. फ्रान्स तटस्थ राहिला, ते साहजिकच. शून्य ग्रिनिचला, म्हणजे त्याच्या बरोबर पाठीमागे १८० अंश रेखावृत्त पडलं ते पॅसिफिकमध्ये. पण लक्षात घ्या, वाररेषा कुठून जावी याचा निर्णय त्या परिषदेने घेतला नाही. आजही तिच्याबद्दल जगाचा एखादा करार नाही. प्रत्येक देश आपली वेळ आणि तारीख स्वतः ठरवतो, आणि नकाशे काढणारे त्याप्रमाणे रेघ वाकवतात. म्हणून ती सरळ नाही. वर सैबेरियाचं टोक एका बाजूला राहावं म्हणून ती पूर्वेला सरकते, मग अलास्काची बेटं दुसऱ्या बाजूला राहावीत म्हणून पश्चिमेला वळते. फिजीच्या तावेउनी या बेटावरून १८० अंश रेखावृत्त प्रत्यक्ष जातं, पण वाररेषा मात्र सगळ्या फिजीला वळसा घालते. नाहीतर एका गावात सोमवारी लग्न आणि शेजारच्या गावात रविवारी वरात, अशी गत व्हायची.

बेरिंगच्या सामुद्रधुनीत डायोमीड नावाची दोन बेटं आहेत, एक रशियाचं, एक अमेरिकेचं. अंतर सुमारे चार किलोमीटर. म्हणजे साताऱ्याहून जरा पलीकडचं गाव. त्यांच्यामधून ही रेघ जाते. अमेरिकेच्या बेटावरून समोर पाहिलं की डोळ्यांना उद्याचा डोंगर दिसतो!

ज्यांना हा सगळा पुस्तकी खेळ वाटतो, त्यांच्यासाठी काही खऱ्या हकिगती सांगते.

फिलिपाइन्सवर स्पेनचं राज्य होतं आणि तिथला कारभार मेक्सिकोमार्गे चालायचा. त्यामुळे ती बेटं आशियात असूनही तारीख अमेरिकेची पाळत. शेजारच्या सगळ्या बंदरांपेक्षा ती एक दिवस मागे. शेवटी १८४४ साली त्यांनी ३१ डिसेंबर गाळला. सोमवारी ३० डिसेंबर झाला आणि दुसऱ्या दिवशी बुधवार, १ जानेवारी १८४५. त्या देशात त्या वर्षी ३१ डिसेंबरला कोणी जन्मलं नाही आणि कोणी मेलंही नाही.

अलास्काची गोष्ट उलटी. १८६७ मध्ये रशियाने तो प्रदेश ७२ लाख डॉलरना अमेरिकेला विकला. रशियात तेव्हा जुनं ज्युलियन कॅलेंडर होतं, तेही बदललं आणि वाररेषाही पलीकडे गेली. परिणाम असा, की शुक्रवार, ६ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी पुन्हा शुक्रवारच उजाडला आणि तारीख होती १८ ऑक्टोबर. जमिनीबरोबर तिथले वारही विकले गेले म्हणायचे.

सामोआ या छोट्या देशाने तर दोनदा बाजू बदलली. १८९२ मध्ये अमेरिकन व्यापाऱ्यांच्या सोयीसाठी तिथे ४ जुलैचा सोमवार दोनदा पाळला. ४ जुलै हा अमेरिकेचा स्वातंत्र्यदिन, म्हणजे उत्सवही दोनदा! पुढे सव्वाशे वर्षांच्या आत काळ पालटला. सामोआचा व्यापार, नोकऱ्या, नातीगोती सगळी न्यूझीलंड आणि ऑस्ट्रेलियाशी जोडली गेली. सामोआत शुक्रवार असला की तिकडे शनिवारची सुट्टी. सामोआत रविवारची प्रार्थना चालू असली की सिडनीत सोमवारची बाजारपेठ उघडलेली. आठवड्याचे दोन कामाचे दिवस वाया. म्हणून २०११ मध्ये त्यांनी पुन्हा उडी मारली. गुरुवारी, २९ डिसेंबरला लोक झोपले आणि शनिवारी, ३१ डिसेंबरला उठले. ३० डिसेंबरचा शुक्रवार त्या देशात उगवलाच नाही. त्या दिवशी ज्यांचा वाढदिवस होता त्यांनी काय केलं असेल कोण जाणे! न केलेल्या कामाचा त्या दिवसाचा पगार मात्र कामगारांना द्यावा लागला. शेजारचा अमेरिकन सामोआ जुन्या बाजूलाच राहिला. आज या दोन सामोआंमध्ये विमानाचं अंतर तासाभराचंही नाही, पण तारखेचं अंतर पूर्ण चोवीस तासांचं आहे. आत्या एका बेटावर आणि भाची दुसऱ्या बेटावर, अशी कुटुंबं तिथे पुष्कळ आहेत. म्हणजे आमच्यासारखीच.

किरिबातीचं दुखणं आणखी वेगळं. १९७९ मध्ये तो देश स्वतंत्र झाला तेव्हा वाररेषा त्याच्या मधोमध होती. सरकारी कचेऱ्यांना आठवड्यात एकमेकांशी बोलायला चारच सामाईक दिवस मिळत. १९९५ च्या सुरुवातीला त्यांनी पूर्वेकडची सगळी बेटं पश्चिमेकडच्या तारखेला आणली. नकाशावर वाररेषेला पूर्वेकडे जे मोठं पोट सुटलेलं दिसतं, ते त्यामुळे. तिथल्या लाइन बेटांवर घड्याळ ग्रिनिचच्या चौदा तास पुढे आहे.

या चौदा तासांमुळे एक चमत्कार रोज घडतो. अमेरिकन सामोआ ग्रिनिचच्या अकरा तास मागे आणि लाइन बेटं चौदा तास पुढे. फरक पंचवीस तासांचा. त्यामुळे रोज एक तास असा येतो, की पृथ्वीवर एकाच वेळी तीन तारखा चालू असतात. तो तास म्हणजे आपल्या घड्याळात दुपारी साडेतीन ते साडेचार. आज दुपारी चहाचं आधण ठेवाल तेव्हा आठवण ठेवा. तुमच्याकडे रविवार असेल, पॅसिफिकमधल्या एका बेटावर शनिवारची रात्र संपत आलेली असेल आणि दुसऱ्या बेटावर सोमवार नुकताच लागलेला असेल.

आता थोडं आपल्याकडचं. वेळ ही माणसांनी आपसांत ठरवायची गोष्ट आहे, याचा अनुभव मुंबईइतका कोणत्या शहराला आला असेल? १ जानेवारी १९०६ पासून देशाला एक प्रमाणवेळ मिळाली. मिर्झापूरजवळून जाणारं ८२ अंश ३० मिनिटांचं रेखावृत्त तिचा आधार. मुंबईची स्थानिक वेळ तिच्यापेक्षा ३९ मिनिटं मागे होती. सूर्य डोक्यावर यायच्या आत घड्याळाने बारा वाजवायचे, हे मुंबईकरांना रुचलं नाही. रेल्वेची वेळ एक आणि गावाची वेळ दुसरी, असा दुहेरी संसार शहराने पुढे अनेक दशकं केला. जुन्या लग्नपत्रिकांवर मुहूर्तापुढे ‘स्टँ. टा.’ ही अक्षरं तुमच्यापैकी काहींनी पाहिली असतील. पाहुण्यांनी अक्षता पडून गेल्यावर येऊ नये, म्हणून ती खबरदारी.

तेव्हा ३९ मिनिटांनी एवढं रामायण होतं, तर एका पूर्ण दिवसाने काय होत असेल? विशेषतः जिथे दिवस पाळायचा असतो तिथे. याची एक हकिगत मला फार लागून राहिली आहे. १९४१ चं साल. नाझींच्या तावडीतून सुटलेले काही ज्यू निर्वासित, त्यात धर्मशास्त्राचे विद्यार्थी, रशिया ओलांडून जपानमध्ये कोबे इथे पोचले होते. घरदार मागे राहिलेलं. मागे राहिलेल्या आप्तांचं काय होतंय ते माहीत नाही. त्यात योम किप्पूर आला, त्यांचा वर्षातला सर्वांत पवित्र उपवास. प्रश्न पडला, की इतक्या पूर्वेला आल्यावर आपला वार कोणता धरायचा? जपान म्हणतं आज बुधवार. पण धर्माच्या हिशेबाने रेघ जपानच्या अलीकडे असेल, तर आज मंगळवारच! उपवास चुकीच्या दिवशी झाला तर तो झालाच नाही. त्यांनी जेरुसलेमला तार केली. तिथे जमलेल्या रब्बींनी कळवलं, तिथल्या लोकांचा बुधवार आहे, बुधवारीच करा. पण त्यांच्यातलेच एक अतिशय मानलेले पंडित, ‘हझोन ईश’ या नावाने ओळखले जाणारे रब्बी कारेलित्झ, यांनी कळवलं की बुधवारी जेवा आणि उपवास गुरुवारी धरा. काहींनी मग दोन्ही दिवस धरला. इथे हसू येत नाही. सगळं गमावलेल्या माणसाला निदान दिवस तरी खरा हवा असतो.

सामोआने २०११ मध्ये उडी मारली तेव्हा शनिवार पाळणाऱ्या ख्रिस्ती पंथातही हाच पेच पडला. काल ज्याला शनिवार म्हणत होतो त्याला सरकार आता रविवार म्हणतं. मग देवाचा शनिवार कोणता? त्यावरून एकाच चर्चमधल्या माणसांत दोन तट पडले.

हे वाचताना मला आमचं घर दिसत होतं. म्हणून मी आमच्या गुरुजींकडे गेले आणि सरळ विचारलं, ‘गुरुजी, माझी बहीण म्हणते सोमवार, आम्ही म्हणतो मंगळवार. खरं काय?’

गुरुजी हसले. म्हणाले, ‘आई किती वाजता गेल्या?’ म्हटलं, पहाटे साडेचारला. ‘सूर्य उगवला होता?’ नव्हता. ‘मग पंचांगात तो सोमवारच की! आपला वार सूर्योदयाला बदलतो, मध्यरात्री नाही.’ मी थक्कच झाले. म्हणजे ज्या बहिणीला आम्ही दोघांनी मिळून खोटं पाडलं, ती पंचांगाने बरोबर होती! अर्थात तिच्या कॅलिफोर्नियामुळे नव्हे. पण बरोबर होती.

पुढे गुरुजी म्हणाले ते मी भूगोल शिकवणारी असून माझ्या ध्यानात आलं नव्हतं. ‘श्राद्ध वारावर नसतं, तारखेवरही नसतं. तिथीवर असतं. आणि तिथीला तुमची रेघ लागत नाही.’

घरी येऊन मी कागद-पेन घेऊन बसले, आणि गुरुजींचं म्हणणं शंभर टक्के पटलं. तिथी म्हणजे काय? आकाशात सूर्य आणि चंद्र यांच्यातलं अंतर १२ अंशांनी वाढलं की एक तिथी संपते. हे अंतर पृथ्वीच्या मध्यावरून मोजलेलं. त्यामुळे तिथी लागते त्या क्षणी ती साऱ्या जगासाठी लागते. साताऱ्यात, ऑकलंडला, कॅलिफोर्नियात, एकाच क्षणी. घड्याळात वेगवेगळे वाजलेले असतील, एकाकडे दिवस, एकाकडे रात्र असेल, पण तिथी एकच. ती आकाशात मोजली जाते. वार मात्र आकाशात कुठेही नाही. सात वार हे माणसाने सुरू केलेलं आणि न चुकता चालू ठेवलेलं मोजणं आहे, त्या चोवीस मुलांसारखं. म्हणून त्यालाच कुठेतरी रेघ लागते. आपल्या पाठ्यपुस्तकांनी तिला ‘वाररेषा’ म्हटलं, ते किती नेमकं आहे हे मला निवृत्तीनंतर कळलं.

तरी एक मेख राहतेच. तिथी एकच असली, तरी श्राद्ध ज्या दिवशी अपराण्हकाळी, म्हणजे साधारण तिसऱ्या प्रहरी, ती तिथी असेल त्या दिवशी करायचं. आणि तिसरा प्रहर ज्याच्या त्याच्या गावचा. एका वर्षी आमच्याकडे असं झालं, की आईची तिथी आपल्या बुधवारी सकाळी अकराला लागली आणि गुरुवारी सकाळी दहाला संपली. मी बुधवारी दुपारी नैवेद्य दाखवला. दादाकडे तिथी लागली तेव्हा बुधवारचे साडेपाच होऊन सूर्य मावळला होता, म्हणून त्याने श्राद्ध गुरुवारी दुपारी केलं. बहिणीने तिच्या बुधवारी दुपारी पान वाढलं. तेव्हा आपल्याकडे गुरुवारची पहाट होती. तारखा बघाल तर मी आणि बहीण एका दिवशी, दादा दुसऱ्या दिवशी. पण तिघांचीही दुपार त्या एकाच तिथीत बसली. आधी मी, मग ती, मग दादा. सगळं त्या तेवीस तासांत.

हा हिशेब मी कागदावर लिहून दोघांना पाठवला. दादाने उत्तर दिलं, ‘म्हणजे या वर्षी वेगळा पडलो तो मी!’ बहिणीचा फोन आला. हिशेबाबद्दल ती काही बोललीच नाही. म्हणाली, ‘ताई, त्या दिवशी तू फोन केलास ना, तेव्हा मी मुलाला शाळेतून घेऊन येत होते. गाडी बाजूला लावली आणि तिथेच बसले. म्हणून मला तो सोमवार विसरता येत नाही.’ मला तेव्हा कळलं, की वाद वाराचा नव्हताच. आम्ही दोघं तिचा तो सोमवार पुसायला निघालो होतो, आणि ती तो धरून बसली होती.

श्रोतेहो, आज तुमच्यापैकी कितीतरी जणांची मुलं, भाऊ-बहिणी परदेशात आहेत. कोणाचा वाढदिवस, कोणाचं पुण्यस्मरण, एक दिवस इकडे तिकडे होतंच. त्यासाठी दोन गोष्टी सांगते आणि संपवते. सण किंवा श्राद्ध पाहायचं असेल, तर त्या त्या गावाच्या सूर्योदयाप्रमाणे काढलेलं पंचांग पाहायला सांगा. आपल्या भिंतीवरचं कॅलेंडर तिकडे चालत नाही. आणि दुसरं, तिकडून फोन एक दिवस आधी आला, तर ‘आज नाही, उद्या’ असं म्हणू नका. मी म्हटलं होतं, म्हणून सांगते.

यंदा दादा बहिणीकडे जाऊन आला. ऑकलंडहून संध्याकाळी विमानात बसला आणि कॅलिफोर्नियात उतरला तो त्याच दिवशी दुपारी, म्हणजे निघाला त्याच्या आधी पोचला! बहिणीने त्याला आदल्या रात्रीची भाकरी आणि पिठलं वाढलं. दादा म्हणाला, ‘ही आदल्या रात्रीची कुठली? तू ही केलीस तेव्हा माझी निघायची दुपार झाली होती.’ दोघांनी तिथूनच मला फोन केला, हसत. माझ्याकडे पहाटेचे साडेचार वाजले होते. मी घड्याळ पाहिलं, आणि त्यांना काही सांगितलं नाही.